कोड्यात एक्स कशाला?

प्रश्न : माझी मुलगी तिसरीत आहे. एकक-दशक-शतक तोंडपाठ, ३४७ मधल्या ४ ची स्थानिक किंमत विचारली तर पटकन ४० सांगते, पण वर्कशीटमधे कोडं आलं की अडली. परवाचं हे बघा : 'मी तीन अंकी संख्या. माझा एककाचा अंक दशकाच्या दुप्पट, शतकाचा अंक दशकापेक्षा १ ने कमी, तिघांची बेरीज ११. मी कोण?' मी एक्स धरून समजावलं तर रडायलाच लागली. काय करू?
– एक आई, नाशिक

उत्तर : ताई, एक्सची पाळी सहावी-सातवीत येईल, आत्ता नको. वहीत तीन घरं आखा, वर श, द, ए लिहा आणि तिला एवढंच विचारा की सगळे कोणाकडे बोट दाखवतायत? एकक दशकाकडे, शतकही दशकाकडेच, मग सुरुवात दशकापासून. दशकात १ टाकला तर शतकात ० येतो, म्हणजे संख्या तीन अंकी राहतच नाही. २ टाकला तर १२४, बेरीज ७, कमी पडली. ३ टाकला तर २३६, बेरीज ११, झालं! ४ ला ३४८ येतात आणि ५ ला एककात १० कोंबावे लागतील, ते बसत नाही. म्हणजे एवढ्या मोठ्या वाटणाऱ्या कोड्यात पर्याय तीनच होते.

एक नक्की तपासा, ती ६३ ऐकून ३६ लिहिते का? मराठीत 'त्रेसष्ट' म्हणताना तीन आधी येतो नि साठ नंतर, त्यामुळे बरीच मुलं घसरतात, त्यात एकोणसाठसारखी मंडळी तर साठ म्हणून पन्नाशीत बसलेली 😄 २०१९ मधे बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात 'वीस एक, वीस दोन' आलं तेव्हा केवढा गदारोळ झाला, पण अडचण खरी आहे. मला स्वतःला त्रेसष्टच आवडतं, फक्त कोडं सोडवताना 'सहा दशक तीन एकक' असं मोठ्याने म्हणायला लावा.

पुढे 'अंकांची बेरीज ९, अंक उलटे केले की २७ ने वाढते' छापाचं कोडं येईल, तेव्हा दहाच्या नोटा आणि रुपयाची नाणी काढा. ३ नोटा ६ नाणी म्हणजे ३६, उलटं केलं की ६ नोटा ३ नाणी. म्हणजे तीन नाणी गेली, त्यांच्या जागी तीन नोटा आल्या, प्रत्येकीमागे ९ रुपये वाढले, झाले की २७. हे हातात धरून कळतं, पाठ करून नाही.

आणि आता तिलाच कोडं करायला सांगा. वरच्या कोड्यातली बेरजेची अट काढली तर १२४, २३६, ३४८ तिन्ही चालतात, मग फक्त ३४८ च उरावी म्हणून कुठली नवी अट घालशील, विचारा. आमच्या भाच्याने घातली होती, 'मला शतकात ३ आवडतो'. चालते की!