वाचकांचे प्रश्न: व्हॅलोरंटच्या मॅचचा जमाखर्च

या वेळी व्हॅलोरंट या पाच विरुद्ध पाच असा खेळायच्या ऑनलाइन बंदूकबाजीच्या गेमवरची पत्रं एकत्र घेतली आहेत. आकडे कॉम्पिटिटिव्ह मॅचचे आहेत. गेम बनवणारी रायट कंपनी अधूनमधून किमती आणि एजंटांच्या (गेममधल्या पात्रांच्या) क्षमता बदलते, त्यामुळे नवा पॅच आल्यावर बाय मेन्यूत जी किंमत दिसेल तीच खरी धरावी.

आम्ही पाच मित्र एकत्र खेळतो. नेम सगळ्यांचा बरा आहे, पिस्तूल राउंड (पहिला, पिस्तुलांचा) बहुतेक वेळा आम्हीच जिंकतो. तरी मॅच ९-१३ नं हातची जाते. कुठं चुकतंय?
— अभियांत्रिकीचा विद्यार्थी, कोथरूड

पिस्तूल जिंकूनही मॅच जात असेल तर पहिला संशय पैशांवर घ्या. तुमचा दुसरा, तिसरा आणि चौथा राउंड कागदावर मांडून बघू.

पिस्तूल जिंकल्यावर प्रत्येकाला ३००० क्रेडिट (गेममधले पैसे) मिळतात, शिवाय दर किलला २००. किलचे पैसे तूर्त बाजूला ठेवा. दुसऱ्या राउंडला स्पेक्टर बंदूक १६०० आणि जड शिल्ड (चिलखत) १०००, म्हणजे २६०० गेले आणि ४०० उरले. हाही राउंड जिंकलात की हातात ३४००. घात होतो तो इथं. ३४०० दिसले की सगळे व्हँडल रायफल (२९००) आणि हलकं शिल्ड (४००) घेऊन मोकळे होतात. समोरचा संघ मात्र दुसऱ्या राउंडला हात आखडून बसलेला असतो. त्याला पहिल्या हरण्याचे १९०० आणि लागोपाठ दुसऱ्या हरण्याचे २४०० मिळून ४३०० झालेले असतात. व्हँडल आणि जड शिल्ड ३९०० ला पडतं, वर ४०० क्षमतांना. म्हणजे तिसऱ्या राउंडला तेही पूर्ण तयारीनं येतात, आणि तो राउंड हरलात तर तुमच्याकडे उरलेले १०० आणि हरल्याचे १९००, एकूण २००० राहतात. चौथ्याला पुन्हा पिस्तुलं. दोन राउंड जिंकून संघ कंगाल होतो तो असा.

उपाय कंटाळवाणा आहे, पण चालतो. तिसऱ्या राउंडला जिवंत राहिलेल्यांनी स्पेक्टरच ठेवायची, मेलेल्यांनी स्वस्तात भागवायचं, आणि क्षमतांवर चार-पाचशेच्या वर जायचं नाही. राउंड हरला तरी चौथ्याला स्पेक्टर ठेवलेल्यांकडे साधारण ४८०० असतात. जिंकलात तर सोन्याहून पिवळं, कारण मग समोरच्याची महागडी खरेदी वाया गेलेली असते.

हरणाऱ्या बाजूचा नियम आणखी सोपा आहे: घ्यायचं तर पाचांनी, वाचवायचं तर पाचांनी. दोघांकडे व्हँडल आणि तिघांकडे क्लासिक (फुकटचं पिस्तूल) ही सगळ्यात वाईट खरेदी. ते दोघे मेले की बंदुका समोरच्याच्या हाती जातात आणि पुढच्या राउंडला पाचही जणांची वेगवेगळी अडचण होते. बाय मेन्यूत पुढच्या राउंडला किमान किती क्रेडिट असतील ते दाखवलेलं असतं. तो आकडा ३९०० च्या खाली जात असेल तर आत्ताची खरेदी सोडा. एखाद्याकडे सात-आठ हजार साठले असतील तर त्यानं दुसऱ्याला बंदूक घेऊन द्यावी. ९००० च्या वर खात्यात काही जमत नाही.

अपवाद दोन. बारावा राउंड, कारण बाजू बदलल्यावर पैसे, बंदुका, सगळं पुसलं जातं. आणि समोरचा १२ वर असताना. या दोन्ही वेळी शेवटचं क्रेडिटसुद्धा खर्च करा. बाराव्या राउंडला ‘सेव्ह’ म्हणणारा गडी प्रत्येक संघात एक असतोच.

राहिला प्रश्न पळून जीव वाचवण्याचा. हल्ला करताना स्पाइक (हल्लेखोरांनी साइटवर, म्हणजे ठरलेल्या जागी, लावायचा बॉम्ब) न लावता वेळ संपली आणि तुम्ही जिवंत असाल, तर हरल्याचे पूर्ण पैसे न मिळता फक्त १००० मिळतात. बचावात स्पाइक फुटल्यावर जिवंत राहिलात तरी तेच. म्हणून व्हँडल किंवा ऑपरेटर (४७००) हातात असेल तर लपणं परवडतं. घोस्ट (५००) घेऊन कोपऱ्यात बसणाऱ्यानं स्वतःचंच नुकसान केलेलं असतं.

व्हँडल घ्यावी की फँटम?
— वाकड

दोन्ही २९०० च्या. पूर्ण तब्येत आणि जड शिल्ड मिळून १५० होतात. व्हँडलचा हेडशॉट कितीही लांबून १६०, म्हणजे एका गोळीत काम. फँटमचा जवळून १५६, लांबून १५० च्या खाली. मात्र फँटमच्या मॅगझिनमध्ये ३० गोळ्या, व्हँडलच्यात २५, आणि फँटमच्या गोळीची रेघ समोरच्याला दिसत नाही. स्मोकमधून (धुराच्या पडद्यातून) मारणाऱ्यानं फँटम घ्यावी, लांबचा अँगल धरणाऱ्यानं व्हँडल. यावर तासन्‌तास वाद घालण्याइतका फरक नाही.

साइटवर पाचही जण एकत्र जातो, तरी एकेक करून मरतो. बचाव करणारे दोघेच असतात. असं का?
— हॉस्टेलवासी, कात्रज

एकत्र निघता, पण एकत्र पोचत नाही. असेंट मॅपची ए साइट घ्या. ओमेन या एजंटनं ट्री आणि हेवन या जागांवर स्मोक टाकले. ओमेनचा स्मोक १५ सेकंद टिकतो. स्मोक पडल्यावर ‘जायचं का?’, ‘थांब, सोव्हाचा (शत्रू दाखवणारा) बाण जाऊ दे’, ‘फ्लॅश (डोळे दिपवणारा) आहे कुणाकडे?’ यात सात-आठ सेकंद जातात. पहिला गडी आत शिरतो तेव्हा स्मोकचे सहा-सात सेकंद उरलेले असतात. स्पाइक लावायलाच ४ सेकंद लागतात. लावणारा खाली बसतो आणि हेवन उघडतं.

क्रम उलटा बसवा. आधी सोव्हाचा बाण. तो पडला की फ्लॅशवाला ‘तयार’ म्हणेल. त्यानंतरच स्मोक, आणि स्मोक जमिनीला टेकताच फ्लॅश. फ्लॅश दुसऱ्यानं टाकायचा, आत पहिल्यानं जायचं. स्वतःच फ्लॅश टाकून स्वतःच शिरणाऱ्याचे हात बंदुकीवर उशिरा येतात. दुसरा गडी पहिल्याच्या मागे सेकंदभराच्या अंतरावर हवा. पहिला मेला तर मारणारा अजून त्याच दिशेला बघत असतो, तेवढ्यात दुसऱ्यानं त्याला टिपायचं. याला ट्रेड म्हणतात, आणि तुमच्या पत्रात नेमकी तीच गोष्ट हरवली आहे. अंतर तीन-चार सेकंदांचं झालं की बचाव करणारा परत आडोशाला जातो आणि तुमच्यातल्या प्रत्येकाशी नव्यानं एकास एक लढतो.

स्पाइक तिसऱ्या किंवा चौथ्याकडे ठेवा. एन्ट्री करणाऱ्याकडे असेल तर तो पडतो तिथेच स्पाइक पडते, आणि बचाववाल्यांना फक्त तिच्याकडे बघत बसायचं काम उरतं.

वेळेचं बघा. राउंड १०० सेकंदांचा. सुरुवातीची तीस-चाळीस सेकंद मिड (मॅपचा मधला भाग) आणि मेनवर (साइटकडे जाणारी वाट) घालवली तर वाईट नाही, उलट समोरच्याला कुठं यायचंय ते कळत नाही. पण घड्याळात २५ सेकंद उरल्यावर साइट बदलायची भाषा बंद. हेवनसारख्या तीन साइटच्या मॅपवर (असेंटच्या ए साइटवरचं ‘हेवन’ वेगळं, इंग्रजीत दोन्हींचं स्पेलिंगही वेगळं) पाच बचाववाल्यांना तीन ठिकाणी विभागावं लागतं, तिथं थांबून बघण्याचा फायदा जास्त.

पाच जणांत कोणते एजंट असावेत?
— हडपसर

एक पक्का स्मोकवाला (ओमेन, ब्रिमस्टोन, क्लोव्ह), एक माहिती काढणारा (सोव्हा किंवा फेड), एक पाठ राखणारा (किलजॉय किंवा सायफर), एक पुढे घुसणारा ड्युएलिस्ट. पाचवी जागा मॅप बघून, शक्यतो फ्लॅशवाल्याला द्या. तीन ड्युएलिस्टचा संघ पुढे धावतो आणि मागून येणाऱ्या एका माणसाला बळी पडतो. चार जणांची टोळी करून रँक्ड खेळता येत नाही हेही लक्षात ठेवा: एक, दोन, तीन किंवा थेट पाच.

माइकवर सगळे एकदम ओरडतात. कोण काय बोलतंय कळत नाही.
— आयटी कर्मचारी, बाणेर

कॉलमध्ये तीन गोष्टी हव्यात: जागा, किती जण, किती लागलं. ‘बी मेन, दोन, एकाला शंभर.’ बास. ‘अरे इकडे आहे, इकडे!’ यातलं इकडे कुठलं ते फक्त बोलणाऱ्याला माहीत असतं. जागांची नावं मिनीमॅपवर लिहिलेली असतात. बदली गडी किंवा परप्रांतीय जोडीदार असेल तर तीच वापरा, घरगुती नावं नकोत. मेल्यावर पडद्यावर कुणाला किती लागलं ते दिसतं. ते वाचून एक वाक्य बोला आणि गप्प व्हा. ‘लो आहे, लो आहे’ म्हणून ओरडलात आणि प्रत्यक्षात २६ च लागले असतील, तर तुमच्या भरवशावर पुढे गेलेला गडी फुकट मरतो.

शेवटचा एकटा उरला असेल तर बाकीच्या चौघांनी तोंड मिटावं. त्याला पावलं ऐकायची असतात. ‘मागे बघ, मागे बघ’ या सल्ल्यानं गमावलेले राउंड मोजण्यापलीकडे आहेत. निर्णय राउंडागणिक एकानंच घ्यावा. त्याचा निर्णय मध्यम असला तरी चालेल, पाचांनी तो पाळायला हवा. शिव्या देणाऱ्याला लगेच म्यूट करा, त्याच्याशी भांडताना खरेदीची तीस सेकंद निघून जातात.

स्पाइक लावल्यावर हमखास जिंकायला हवं, तरी हरतो. आणि उलट बाजूला डिफ्यूज कधी धरायचं ते कळत नाही.
— कर्वेनगर

स्पाइक लागली की ४५ सेकंद. डिफ्यूजला ७ सेकंद, पण ३.५ सेकंद पूर्ण झाली की अर्धं काम टिकतं. परत येऊन उरलेलं अर्धं करता येतं. या आकड्यांवरच सगळं फिरतं.

लावणाऱ्यांनी शिकारीला निघू नये. वेळ तुमच्या बाजूनं आहे, समोरच्याला यायचंच आहे. दोघांनी दोन वेगळ्या दिशांनी स्पाइक दिसेल असं उभं राहायचं. एकावर तो वळला की दुसऱ्याला त्याची पाठ मिळते. ब्रिमस्टोनची आग, व्हायपरचं विष, किलजॉयचे नॅनोस्वॉर्म शेवटच्या १५ सेकंदांसाठी राखा. डिफ्यूजचा आवाज आला की लगेच टाकू नका, कारण पहिला आवाज बहुधा फसवा असतो: एक टॅप करून तो तुम्ही कुठून डोकावता ते बघतो. दोन सेकंद आवाज चालू राहिला तर टाका. अर्ध्यावर पोचू देऊ नका.

बचाववाल्यांनी बीप ऐकायला शिकावं. सुरुवातीला सेकंदाला एक. २५ सेकंद उरल्यावर दुप्पट, १० उरल्यावर आणखी दुप्पट, शेवटच्या ५ ला पुन्हा. शेवटची घाई सुरू झाली आणि हात लावलेला नसेल तर पूर्ण डिफ्यूज होत नाही. बंदूक वाचवून पळा, जवळ उभे राहिलात तर स्फोटात मराल. अर्धं झालेलं असेल तर मात्र धरा, ३.५ सेकंद पुरतात. आणि रीटेकला (साइट परत घ्यायला) एकेकटं जाऊ नका. तिघे जमेपर्यंत आठ सेकंद थांबणं परवडतं. नवखे एक गोष्ट विसरतात: स्पाइक लागलेली असेल तर पाचही शत्रू मारून राउंड संपत नाही, ती निकामी करावीच लागते.

ऐन वेळी गेम अडकतो.
— पिंपरी

सर्व्हर मुंबईत, तुम्ही पिंपरीत. अंतर दोषी नाही. सेटिंगमध्ये पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन यायला लागणारा वेळ) आणि पॅकेट लॉस (वाटेत हरवणारा डेटा) पडद्यावर दिसतील असं करा. पिंग स्थिर आणि पॅकेट लॉस शून्याच्या वर असेल तर बहुतेकदा घरातलं वायफाय कारण असतं: राउटरपासून लॅन केबल टाका. ते जमत नसेल तर ५ गिगाहर्ट्झचा बँड निवडा. दोन्ही ठीक असून अडकत असेल तर फ्रेम रेट बघा. राउटरला छोटा यूपीएस लावा, विशेषतः गुरुवारी देखभालीसाठी वीज जाते तिथं. वीज गेलीच तर परत आल्यावर गेम पुन्हा सुरू करा. मॅच चालू असेल तर आत घेतलं जातं. गणपतीच्या आधी ढोल पथकांचा सराव सुरू झाला की माइक सतत चालू ठेवू नका, बटण दाबून बोलण्याचा पर्याय निवडा. ऑडिओत एचआरटीएफ हा पर्याय चालू ठेवून विंडोजचा सराउंड बंद केला तर पावलांची दिशा जास्त नीट कळते.

मुलगा ‘मॅच चालू आहे’ म्हणून जेवायला उठत नाही. खरंच थांबवता येत नाही का?
— एक आई, सदाशिव पेठ

खरंच नाही. मधून उठला तर त्याच्या खात्यावर काही काळ खेळण्याची बंदी येते, रँकचे गुण जातात आणि उरलेले चौघे अपुऱ्या संघानं खेळतात. मॅच साधारण ३० ते ४५ मिनिटांची असते. जो संघ आधी १३ राउंड जिंकेल तो विजयी, १२-१२ झाले तर आणखी लांबतं. त्याला स्कोअर विचारा. मोठा आकडा १३ मधून वजा करा, तेवढे राउंड तरी नक्की उरलेत, प्रत्येकी दीड-दोन मिनिटांचे. ११-४ असेल तर ताटं घ्या. ६-६ असेल तर आमटी परत गरम करावी लागेल. ‘शेवटची एक’ म्हणून नवीन मॅच लावायच्या आधी मात्र अडवता येतं. जेवणाला अर्धाच तास असेल तर स्विफ्टप्ले खेळ म्हणावं, त्यात पाच राउंड जिंकले की संपतं आणि पाव तासात आटोपतं. खेळ फुकट आहे. बंदुकांच्या रंगीत स्किनसाठी तो पैसे मागेल. त्यांनी फक्त दिसणं बदलतं, जिंकायला काडीची मदत होत नाही.