वारंवार दुखापती झाल्या तरी बेसबॉलमधल्या रिलीफ पिचरचं करिअर टिकतं का?

टिकतं, पण फार थोड्यांचं. जॉनी व्हेंटर्सचंच बघा. अटलांटा ब्रेव्ह्जचा हा डावखुरा रिलीफ पिचर, म्हणजे सामन्याच्या उत्तरार्धात एखाद्या इनिंगपुरता (डावापुरता) चेंडू फेकायला येणारा. 2011 मध्ये तो तब्बल 85 सामन्यांत उतरला, ईआरए (पिचरच्या खात्यावर दर नऊ इनिंगमागे लागणाऱ्या धावांची सरासरी; जितकी कमी तितकी चांगली) 1.84 राखली आणि ऑल-स्टार, म्हणजे हंगामातल्या निवडक खेळाडूंच्या, संघात निवडला गेला. 2010 ते 2012 या तीन हंगामांत 230 सामने! माझ्या मते इतकं राबवून घेणं त्याच्या हाताला महागात पडलं.

मेजर लीगमध्ये, म्हणजे अमेरिकी बेसबॉलच्या सर्वोच्च व्यावसायिक स्तरावर, येण्याआधीच, 2005 मध्ये, त्याच्या कोपरावर टॉमी जॉन शस्त्रक्रिया झाली होती. यात कोपरातल्या फाटलेल्या लिगामेंटच्या (हाडांना जोडणाऱ्या पट्ट्याच्या) जागी सहसा शरीरातलाच दुसरा टेंडन (स्नायूला हाडाशी जोडणारा दोर) बसवतात आणि परतायला सहसा वर्षभराहून जास्त काळ लागतो. तीच शस्त्रक्रिया 2013 आणि 2014 मध्ये पुन्हा झाली. 2016 मध्ये कोपर परत दुखावलं. एवढ्यात बहुतेकांनी खेळ सोडला असता. पठ्ठ्या 2018 च्या एप्रिलमध्ये, साडेपाच वर्षांनी, टॅम्पा बे रेजकडून मेजर लीगमध्ये उतरला, त्याच हंगामात ब्रेव्ह्जकडे परत आला आणि नॅशनल लीगचा (मेजर लीगच्या दोन विभागांपैकी एक) ‘कमबॅक प्लेअर ऑफ द इयर’ ठरला. 2019 हा त्याचा मेजर लीगमधला शेवटचा हंगाम.