कौशिक गांगुलींचे सिनेमे कुठून बघायला घ्यावेत?

कौशिक गांगुली बंगाली सिनेमे लिहितात, दिग्दर्शन करतात आणि त्यांत कामही करतात, मग नेमकी सुरुवात कुठून करावी, असं तुम्ही विचारलंय. मी 'शब्दो' (2012) सांगेन. तारक फोली आर्टिस्ट आहे. पडद्यावरच्या पावलांचे, कपबश्यांचे आवाज तो स्टुडिओत नव्यानं काढतो. त्यात इतका बुडतो की समोरच्या माणसाचं बोलणंच त्याच्या कानात शिरेनासं होतं. तारक झालेल्या ऋत्विक चक्रवर्तीचं काम बघाच. राष्ट्रीय पुरस्कारांत हा सर्वोत्कृष्ट बंगाली चित्रपट ठरला. मोबाइलच्या स्पीकरवर मात्र लावू नका, सगळी गंमत बारीक आवाजांत आहे. हेडफोन हवेतच.

मग 'अपूर पांचाली'. पण आधी सत्यजित राय यांचा 'पथेर पांचाली' बघून घ्या. त्यातला छोटा अपू, म्हणजे सुबीर बॅनर्जी, पुढे सिनेमात दिसलाच नाही. त्याच्या आयुष्याला गांगुली राय यांच्या अपूवरच्या तीन सिनेमांतली, म्हणजे मूळ अपू-त्रयीतली दृश्यं जोडत जातात. मूळ माहीत नसेल तर ते सांधे नुसते कृष्णधवल तुकडे वाटतात. या सिनेमासाठी 2013 च्या इफ्फीत, म्हणजे गोव्यातल्या भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, त्यांना दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. पुढच्या वर्षी तिथेच त्यांच्या 'छोटोदेर छोबी'च्या दुलाल सरकारला अभिनयाचं, विभागून. 2015 ला त्यांच्याच 'सिनेमावाला'ला युनेस्कोचं फेलिनी पदक. बंद पडलेल्या थिएटरचा मालक बाप आणि पायरेटेड डीव्हीडी विकणारा मुलगा, एवढ्यावर अख्खा सिनेमा पेललाय!

हा माणूस मुळात लेखक, असं माझं ठाम मत आहे. 'ज्येष्ठोपुत्रो'साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तोही पटकथेचा. नट म्हणून बघायचं तर 'बिसर्जन' (2017) घ्या. इछामती नदीकाठच्या बांगलादेशातल्या गावात विधवा पद्माशी लग्न करायला टपलेला गणेश मंडल त्यांनी स्वतः केलाय. असा माणूस सरळ खलनायक करून टाकणं किती सोपं होतं! त्यांनी मात्र त्याला लाघवी, थोडा हास्यास्पद आणि शेवटी चक्क दया येईल असा लिहिलाय. पद्मा झालेल्या जया अहसानसमोर ते कुठेच कमी पडत नाहीत. बोली पूर्व बंगालची आहे, त्यामुळे थोडंफार बंगाली येत असलं तरी सबटायटल्स बंद करू नका. आणि 'बिजोया' (2019) याचाच पुढचा भाग आहे, तो चुकूनही आधी लावू नका.