भिरंड, ब्रिंदांव आणि गार्सिनिया

फोंड्याच्या एका वाचकाने विचारलं आहे: भिरंड, रातांबा, कोकम, आमसूल यांत फरक काय? आणि कोकमाचं शास्त्रीय नाव ‘गार्सिनिया’ हे आपल्या गार्सिया द ओर्तावरून, म्हणजे सोळाव्या शतकात गोव्यात राहिलेल्या पोर्तुगीज वैद्यावरून पडलं ना?

झाड एकच, कोकमाचं. फळाला गोव्यात भिरंड म्हणतात, रत्नागिरीकडे रातांबा. साल वाळवली की सोल किंवा आमसूल. आमसूल म्हणजे माझ्या मते आंब अधिक सोल. हे सोल सोलणे या क्रियापदातलं, सोलकढीतलंही तेच. बियांचं तेल ते भिरंडेल. थंडीत टाचा फुटल्या की त्याचा गोळा विस्तवाजवळ धरून भेगांत भरतात.

आता ‘गार्सिनिया’. नाही, ओर्तावरून पडलेलं नाही! पणजीत चर्चसमोरच्या, ओर्ताचंच नाव असलेल्या बागेत पाहुण्यांना हे बिनदिक्कत सांगितलं जातं आणि शिकलेली माणसं माना डोलावतात. वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने हे नाव दिलं ते लोराँ गार्सँ या वनस्पतिशास्त्रज्ञाच्या सन्मानार्थ. हा गार्सँ डच ईस्ट इंडिया कंपनीचा शल्यवैद्य म्हणून पूर्वेकडे फिरला आणि त्याने कोकमाच्या भाऊबंदातल्या मँगोस्टीन या फळाचं वर्णन लिहिलं. ओर्ता त्याच्या कितीतरी आधी, 1568 मध्ये वारला. 1580 मध्ये इन्क्विझिशनने, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाने, त्याच्या अस्थी उकरून जाळल्या. त्या माणसाला मान मिळावा असं मलाही मनापासून वाटतं. पण दुसऱ्याचा कशाला? त्याचा स्वतःचा आहे की.

1563 मध्ये गोव्यात छापलेल्या ओर्ताच्या ‘कॉलोकियुश’ या औषधी वनस्पतींवरच्या ग्रंथात हे फळ ‘ब्रिंदांव’ या नावाने येतं. हे आपलं भिरंडच! पोर्तुगीज जिभेला भ नाही, म्हणून ब. ‘भिर’मधला र पुढे सरकून ‘ब्रि’ झाला, ड चा द झाला आणि शेवटी त्यांचा लाडका नाकातला ‘आंव’ चिकटला. आसगावचे धर्मगुरू मोन्सिन्योर दालगादो यांनी पोर्तुगीजांनी उचललेल्या आशियाई शब्दांचा मोठा कोश केला. त्या वाटेने गेलं की असे किती शब्द भेटतात!

पुढची गंमत मला सर्वांत प्रिय आहे. थुआर्स या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाने या झाडाला ‘ब्रिंदोनिया इंडिका’ म्हटलं. म्हणजे गोव्याच्या कुळागरातला, माडा-पोफळीच्या बागेतला शब्द थेट लॅटिनमध्ये जाऊन बसला. नंतर श्वाझी या स्विस वनस्पतिशास्त्रज्ञाने ते झाड गार्सिनिया या प्रजातीत (genus) घातलं आणि आपला शब्द तिथून पुसला गेला. हळहळायचं तर याबद्दल हळहळा.

काही संस्कृतप्रेमी ‘वृक्षाम्ल’पासून भिरंड काढतात. वृक्षाम्ल हे कोकमाचं संस्कृत नाव खरं, पण शब्दाची ओढाताण किती करायची? वृक्षाचा मराठीत रूख झाला. आम्लातल्या ‘म्ल’चा ‘ंब’ होतो, म्हणून आंबट. मग ‘ंड’ आला कुठून, आणि व चा भ कोणत्या नियमाने? नियम दाखवा, मी मान्य करतो. तोवर भिरंड हा इथलाच, कोकणपट्टीचा जुना शब्द मानायला काहीच हरकत नाही. प्रत्येक झाडाच्या नावामागे संस्कृत आजोबा उभा केलाच पाहिजे, असं थोडंच आहे?