जेलान पण इलेक्ट्रिकलचाच होता, पण त्याची मधली वर्षं बघा

ताई नमस्कार,

तुमचं पत्र वाचलं. मुलगा इलेक्ट्रिकलच्या तिसऱ्या वर्षाला आहे, दोन विषय राहिलेत, आणि आता म्हणतोय की कॉलेज सोडतो, मला पिक्चर बनवायचेत. वर नुरी बिल्गे जेलान नावाच्या तुर्की डायरेक्टरचं उदाहरण देतो, की तो पण इलेक्ट्रिकल इंजिनिअरच होता, बघा कुठे पोचला. मिस्टरांनी त्याच्याशी बोलणंच बंद केलंय आणि तुम्ही दोघांच्या मधे अडकलाय.

आधी एक सांगते, पोराची आवड उथळ नाहीये. जेलानचे पिक्चर बघणं सोपं नसतं, अलीकडचे तर तीन-तीन तासांचे असतात, गाणी नाहीत मारामारी नाही, माणसं बसून बोलत असतात नाहीतर बर्फातून चालत असतात, आणि विशीतला मुलगा ते मोबाईलवर शेवटपर्यंत बघत असेल तर त्याला काहीतरी दिसतंय त्यात. हे मिस्टरांना नक्की सांगा.

पण जेलानची मधली वर्षं त्याने तुम्हाला सांगितलेली दिसत नाहीत, आणि माझ्या मते तुमच्या घरासाठी तीच महत्त्वाची आहेत. जेलान १९५९ चा, जन्म इस्तंबूलचा, बालपण चानाक्काले प्रांतातल्या येनिजे नावाच्या छोट्या गावात गेलं, वडील शेतकी इंजिनिअर. १९७६ ला त्याने इस्तंबूलमध्ये केमिकल इंजिनिअरिंगला ॲडमिशन घेतली, तेव्हा तिकडे डाव्या-उजव्यांच्या मारामाऱ्या इतक्या पेटल्या होत्या की लेक्चर धड होईनात, म्हणून १९७८ ला तो बोआझिची युनिव्हर्सिटीत इलेक्ट्रिकलला गेला आणि १९८५ ला डिग्री पूर्ण केली. म्हणजे केमिकल सोडलं ते परिस्थितीमुळे, आणि इलेक्ट्रिकल सोडलंच नाही. त्याच काळात कॉलेजच्या फोटोग्राफी क्लबमध्ये तो पूर्ण बुडालेला होता, कॅमेरा तर शाळकरी वयापासूनच हातात होता. डिग्रीनंतर लंडन, नेपाळ असं फिरला, मग सक्तीची लष्करी नोकरी आली आणि सिनेमाच करायचा हे तिथे असताना ठरलं. मग इस्तंबूलच्या मिमार सिनान युनिव्हर्सिटीत दोन वर्षं सिनेमा शिकला आणि तो कोर्स मात्र अर्धवट सोडला (हे तुमच्या मुलाला माहीत असणारच). पोट चालायचं ते फोटोग्राफीच्या कामांवर.

आता वयं बघा. पहिली शॉर्ट फिल्म 'कोझा' आली १९९५ ला, म्हणजे वय ३६. पहिला मोठा पिक्चर 'कासाबा' १९९७ ला, ३८ व्या वर्षी. फ्रान्समधल्या कान फिल्म फेस्टिव्हलचं सगळ्यात मोठं बक्षीस, पाम दोर, २०१४ ला 'विंटर स्लीप'ला मिळालं तेव्हा ५५.

आणि सुरुवात कशी झाली तेही ऐका. एका मित्राच्या शॉर्ट फिल्ममध्ये त्याने ॲक्टिंग केली, शूटिंगपासून पुढची सगळी टेक्निकल कामं जवळून बघितली आणि ज्या कॅमेऱ्यावर ती फिल्म झाली तोच जुना ॲरिफ्लेक्स विकत घेतला. मग 'कोझा'त स्वतःच्या आईवडिलांनाच उभं केलं, पूर्ण फिल्ममध्ये एक डायलॉग नाही, आणि ती कानला शॉर्ट फिल्मच्या स्पर्धेत गेली. 'कासाबा' बहिणीच्या गोष्टीवर, त्यातही आईवडील आहेतच. 'उझाक' स्वतःच्या फ्लॅटमध्ये शूट केला, गाडी स्वतःची, टीम बोटावर मोजण्याइतकी, लिखाण-कॅमेरा-एडिटिंग सगळ्यात स्वतःचा हात. गावाकडून काम शोधायला आलेल्या पोराचा रोल मावसभाऊ-चुलतभावांपैकीच एकाने, मेहमेत एमिन तोप्राकने केला आणि २००३ ला कानमध्ये त्याला ॲक्टिंगचं बक्षीस विभागून मिळालं, पण तेव्हा तो या जगात नव्हता, काही महिने आधीच कार ॲक्सिडेंटमध्ये गेला होता. हे वाचलं की मला अजून गलबलून येतं.

म्हणून मुलाला 'सिनेमा की इंजिनिअरिंग' असं विचारूच नका. आत्तापर्यंत काय शूट केलंस ते दाखव, असं विचारा. तुमच्या पत्रात बघण्याबद्दल खूप आहे, बनवण्याबद्दल एक ओळ नाही, आणि मला काळजी फक्त त्याचीच वाटते. दिवाळीपर्यंत दहा मिनिटांची एक फिल्म पूर्ण कर म्हणावं, मोबाईलवर चालेल, घरातलेच लोक घे, एडिटिंग स्वतः कर. मिस्टर तयार झाले तर त्यांनाच कॅमेऱ्यासमोर बसवा, मी हे अगदी मनापासून सुचवतेय, बोलणं सुरू व्हायला कामासारखं दुसरं काही नसतं.

डिग्री मात्र पूर्ण करू दे. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटला डायरेक्शन किंवा सिनेमॅटोग्राफीचा तीन वर्षांचा कोर्स करायचा तर कुठल्याही शाखेची पदवी लागतेच, कोलकात्याच्या सत्यजित राय इन्स्टिट्यूटलाही तसंच, त्यामुळे आत्ता कॉलेज सोडलं तर तेच दार बंद होतं. साउंडचा कोर्स पण बघायला सांगा, त्याला बारावीला फिजिक्स लागतं आणि इलेक्ट्रिकलवाल्या मुलाला तिथलं बरंच ओळखीचं वाटेल. सुट्टीत एडिटिंगची छोटी कामं घेतली तर हात बसेल आणि थोडे पैसेही सुटतील.

मिस्टरांनाही एक सांगा, डिग्री झाली की हे खूळ उतरेल या आशेवर राहू नका. जेलानचं डिग्रीने उतरलं नाही, तुमच्या मुलाचंही कदाचित नाही उतरणार, आणि तेव्हा पैसे किती वर्षं पुरवायचे हे आत्ताच तिघांनी बसून ठरवलेलं बरं.

फक्त तो जेवत नसेल, झोपत नसेल, सारखा खोलीत बंद असेल तर हे सगळं बाजूला ठेवा, आधी डॉक्टरांना दाखवा आणि गरज पडली तर एक सेमिस्टर गॅप घ्या. फिल्म झाली की लिंक मला पाठवा, मी पूर्ण बघून त्यालाच उत्तर लिहीन. आणि फॉर्म भरायच्या आधी पात्रता वेबसाइटवर परत एकदा चेक करा, नियम अधूनमधून बदलतात.