आधी शेजार बघ

प्रिय मुली,

ज्यू प्रतीकांवरच्या तुझ्या प्रबंधाचं दुसरं प्रकरण वाचलं. डावीकडे चिन्ह, उजवीकडे अर्थ, असा लांबलचक तक्ता केलायस. सिंह म्हणजे यहूदाचा वंश. मेनोरा, म्हणजे ती सात फाट्यांची समई, म्हणजे ज्ञानप्रकाश. पक्षी म्हणजे आत्मा. मग गाइडनं विचारलं, “कुठला सिंह?” आणि तुझे हातपाय गळाले. आता विषयच बदलू का म्हणतेस.

बदल हवा तर. पण हाच तक्ता घेऊन वारली चित्रांकडे गेलीस तर तिथेही असंच अडशील. चिन्हाला अर्थ विचारण्याआधी त्याचा शेजार बघायचा असतो. ते कशावर आहे, कुणी करवून घेतलं, बाजूला काय आहे, समोरून कोण ये-जा करत होतं. हे न बघता लावलेला अर्थ आपल्या पदरचा असतो.

तुझा सिंहच घे. पोलंड-युक्रेनकडच्या जुन्या ज्यू दफनभूमीत थडग्यावर सिंह दिसला तर पुष्कळदा आत झोपलेल्या माणसाचं नाव लाइब किंवा आर्ये असतं, बस. हरीण असेल तर हिर्श किंवा त्स्वी. हाताचे पसरलेले दोन पंजे असतील तर तो कोहेन, पुरोहित घराण्यातला. झारी असेल तर लेवी, कारण पुरोहितांच्या हातावर पाणी घालायचा मान लेवींचा. मेणबत्त्या बाईच्या थडग्यावर, शब्बाथचे, म्हणजे आठवड्याच्या विश्रांतीच्या दिवसाचे, दिवे तीच लावायची म्हणून. आता दफनभूमीतून उठून सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनागृहात, ये. तोराच्या, म्हणजे धर्मग्रंथाच्या, कपाटावर दोन सिंह समोरासमोर उभे, ते राखणदार. आणि छतावर सिंहाच्या जोडीला चित्ता, गरुड नि हरीण असतील तर ते चौघं मिळून एक वचन सांगतात: देवाची इच्छा पुरी करायला चित्त्यासारखा धीट, गरुडासारखा हलका, हरणासारखा चपळ नि सिंहासारखा बलवान हो. ‘पिर्के आवोत’ या जुन्या ज्यू वचनसंग्रहातलं हे वचन तिथं येणाऱ्या पोरासोरांनाही पाठ असायचं. तुझ्या तक्त्यात या सगळ्यांना मिळून एक ओळ आहे!

मेनोराचंही तेच. इ.स.पू. 40 ते 37 या काळातला, ज्यूंच्या हास्मोनी घराण्यातला शेवटचा राजा मत्तथिया अँटिगोनस तांब्याच्या नाण्यावर एका बाजूला मेनोरा नि दुसऱ्या बाजूला मंदिरातल्या समर्पित भाकरींचं मेज घालतो. तो राजा होता आणि महायाजकही. हेरोद रोमच्या जोरावर त्याच्या गादीवर टपलेला. त्याला ज्ञानप्रकाशाची पडली नव्हती. खरा हक्कदार मी, एवढंच त्याला सांगायचं होतं. इ.स. 70 मध्ये रोमनांनी जेरुसलेमचं मंदिर पाडलं आणि पुढे रोममध्ये त्यांचा सेनापती टायटस याच्या विजयकमानीवर तीच समई सैनिकांच्या खांद्यावर आली. तिथे ती लूट आहे. त्याच रोमच्या भुयारी कबरींत ती साध्या माणसाच्या नावाशेजारी ओरखडलेली सापडते: हा आपल्यातला, एवढंच. 1949 साली इस्राएलनं राजचिन्हासाठी नेमकी टायटसच्या कमानीवरचीच समई उचलली, दोन्ही बाजूंना ऑलिव्हच्या फांद्या देऊन. लुटीतली वस्तू घरी आणली, असा त्यात ठसका आहे. कमान माहीत नसेल तर तो ठसका कळणार कसा?

तू लिहितेस, मूर्तिबंदी असलेल्या धर्मात सूर्यदेव कसा? अगं, इस्राएलमधल्या बेथ अल्फाच्या सिनेगॉगच्या फरशीकडे नीट बघ. 1928च्या शेवटी किबुत्झवाले, म्हणजे तिथल्या सामुदायिक शेतवस्तीतले लोक, पाण्याचा पाट खणत होते, तेव्हा ती लागली. सहाव्या शतकातलं मोझेक. कारागीर मारियानोस आणि त्याचा मुलगा हनीना; त्यांची नावं ग्रीकमध्ये तिथंच लिहिलेली आहेत. मधोमध चार घोड्यांच्या रथात सूर्य, भोवती बारा राशी, कोपऱ्यांत चार ऋतू. ऋतू आणि राशी एकमेकांशी जुळतच नाहीत. कारागिराला पंचांग शिकवायचं नव्हतं हे एवढ्यावरून दिसतं. शिवाय ही फरशी आहे, लोक त्यावर चालत होते. जिच्यावर पाय पडतो ती मूर्ती पूजेची असेल का? आणि चालत कुठं होते? दारापाशी अब्राहाम इसहाकाचा बळी द्यायला निघालाय, वरून आलेला हात त्याला थांबवतोय, एडका झाडाला बांधलेला असा उभाच्या उभा चढवलाय. तिथून राशीचक्र ओलांडायचं, मग पुढं तोराचं कपाट, दोन्ही बाजूंना मेनोरा. या वाटेच्या मधोमध तो सूर्य आहे. तू त्याला कापून एकट्याला पानावर चिकटवलंस आणि मग तो परका वाटतो म्हणतेस.

जवळपास त्याच काळातलं, मृत समुद्राकाठचं एन गेदी बघ. तिथल्या सिनेगॉगमध्ये राशींची नुसती नावं लिहिलीत, त्यांचं चित्र एकही नाही. वर ‘गावाचं गुपित’ फोडणाऱ्याला शाप! एकाच धर्मातली दोन गावं, आणि तू ‘ज्यू परंपरा असं मानते’ अशी वाक्यं लिहितेस. कुठली परंपरा? कुठल्या गावची?

त्याच एन गेदीच्या आधीच्या फरशीत स्वस्तिक आहे, म्हणून तू ‘भारतीय प्रभाव’ लिहून मोकळी झालीस. ते काढ. ग्रीक-रोमन फरश्यांत ती नक्षी जागोजाग होती, शेजार तिचा तो आहे. बेथ अल्फाचा रथ आणि आपल्या अलिबागेजवळच्या खंडाळ्याला बेने इस्राएली, म्हणजे कोकणातले ज्यू, ज्या एलियाहू हन्नबी या संदेष्ट्याच्या रथाच्या खुणा दाखवतात तो रथ, हे एकत्र बांधलंस तेही काढ. ज्यूंच्या सुक्कोथच्या सणातलं एतरोग आणि अंबाबाईच्या हातातलं महाळुंग एकाच जातीचं फळ आहे. म्हणून काय दोन्हींचा एकच अध्याय करशील? साम्य दिसलं की तुझ्या पिढीला भरतं येतं.

मी चिडले की असंच लिहिते, मनावर घेऊ नकोस. घेतलंस तर कामावर घे.

मला एका प्रकाशकानं ज्यू प्रतीकांचा छोटा कोश लिहायला सांगितलं होतं. अकारविल्हे, चित्रांसकट, पैसेही बरे. मी नाही म्हटलं. लोक म्हणाले, बाईंना अहंकार आहे. कोश नाही म्हणून मराठी वाचक या विषयापासून लांबच राहिला, असंही म्हणाले. राहिला असेल. पण कोशानं तो जवळ आला नसता, त्याला जवळ आल्याचा भास झाला असता. आजही नाहीच म्हणेन. हळहळ वेगळ्या गोष्टीची आहे. सीरियातल्या दुरा-युरोपस या प्राचीन शहरातल्या सिनेगॉगची भित्तिचित्रं दमास्कसच्या संग्रहालयात आहेत. जाणं सोपं होतं तेव्हा मी ‘पुढच्या वर्षी’ म्हणत राहिले. 244-45च्या सुमाराची ती चित्रं. इराणच्या सासानींच्या हल्ल्याच्या भीतीनं रोमन सैन्यानं तटाच्या आतून मातीचा भराव घातला, त्यात सिनेगॉग गाडलं गेलं आणि म्हणूनच 1932 साली रंगांसकट निघालं. कपाटाच्या कोनाड्यावर अब्राहाम आहे, आपल्याकडे पाठ करून. त्या पाठीसमोर मला उभं राहायचं होतं. छापील पानावर भिंत कळत नाही. खोलीत बसलेल्याला ती पाठ केवढी दिसत असेल, हे मला अजून सांगता येत नाही.

म्हणून तुला घराबाहेर काढतेय. मराठीत तुझ्या हाताशी एक गोष्ट आहे आणि तुझ्या प्रकरणात तिचा पत्ता नाही. 1874ची पुण्यात छापलेली हग्गादा, म्हणजे वल्हांडणाच्या सणाच्या रात्री वाचायची पोथी, हिब्रू मजकूर आणि मराठी भाषांतर. तिच्यात वल्हांडणाच्या बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका साडीत आहेत. ‘स्थानिक रंग’ असा शेरा मारून पुढं जाऊ नकोस. आधीच्या पानावर काय आहे, चित्राखाली मराठीत काय छापलंय, बाकीच्या चित्रांतली माणसं कुठल्या कपड्यात आहेत, हे सगळं टिपून काढ. अर्थ एका शब्दानंही लिहायचा नाही. ती टिपणं आधी मला पाठव, गाइडला नंतर.

तुझी,
बाई