कूलरची बादली आणि गतिज ऊर्जा

प्रश्न : सर, जमिनीवर स्थिर असलेली १० किलोची वस्तू १०८ न्यूटन बलाने ३ मीटर सरळ वर ओढली. कार्य ३२४ ज्यूल आलं. मग गतिज ऊर्जा, म्हणजे वस्तूला वेगामुळे मिळणारी ऊर्जा, ३२४ का येत नाही?
(अकरावीची विद्यार्थिनी, महाल, नागपूर)

उत्तर : बेटा, तू फक्त तुझ्याच बलाचं कार्य मोजलंस. मे महिन्यात गच्चीवरच्या कूलरसाठी मी दोरीने पाणी ओढतो. तळहातावर दोरीचा लाल वळ उमटतो, तेव्हा खाली ओढणारं दुसरं बलही कळतं. ते गुरुत्वाकर्षणाचं बल; तुझ्या गणितात ते वस्तुमान गुणिले गुरुत्वत्वरण, १० × ९.८, म्हणजे ९८ न्यूटन. वस्तू वर जाते, हे बल खाली; म्हणून त्याचं कार्य उणे २९४ ज्यूल. ३२४ मधून २९४ गेले, उरले ३०. गतिज ऊर्जा तेवढीच. गतिज ऊर्जा म्हणजे ½ × वस्तुमान × वेगाचा वर्ग; त्यावरून वेगाचा वर्ग ६, वेग सुमारे २.४५ मीटर प्रति सेकंद.

ते २९४ वाया गेले नाहीत हं, उंचीमुळे मिळणारी स्थितिज ऊर्जा म्हणून साठले. कार्य-ऊर्जा प्रमेय सांगतं, एकूण कार्य म्हणजे गतिज ऊर्जेतला बदल. त्यात ‘एकूण कार्य’ म्हटलंय, त्यातला ‘एकूण’ शब्द मुलं नेहमी गाळतात, याचं मला फार वाईट वाटतं. तेवढीच १० किलोची बादली मी एकाच संथ वेगाने ३ मीटर ओढली, तर माझं कार्य २९४ ज्यूल आणि गतिज ऊर्जेतला बदल शून्य. खांदे भरून येतात, तरीही शून्यच.